सहा एकर, चार हिस्से आणि रस्त्याकडचे पन्नास गुंठे

तुमचा प्रश्न बराच लांब होता. मला त्यातून कळलं ते आधी थोडक्यात मांडतो. काही चुकलं असेल तर पुढचं उत्तरही बदलेल, हे लक्षात ठेवा.

सातारा जिल्ह्यात आजोबांची सहा एकर जमीन, एकच गट. आजी आधीच गेल्या होत्या, आजोबा १९८७ मध्ये वारले. मागे दोन मुलगे आणि दोन मुली. ७/१२ वर नाव लागलं फक्त थोरल्या काकांचं, पुढे 'ए.कु.मॅ.' अशी तीन अक्षरं (त्यांचा अर्थ पुढे सांगतो). तुमचे वडील मुंबईत गिरणीत. संपानंतर मिळेल ती नोकरी करत राहिले, दरमहा गावी मनीऑर्डर पाठवत राहिले, २०११ मध्ये गेले. तुम्ही, आई आणि बहीण पुण्यात. आता चुलतभावाने रस्त्याला लागून असलेली सव्वा एकर विकायला काढली आहे, साठेखत (खरेदीखताआधीचा विक्रीचा करार) झाल्याची कुणकुण आहे. काका म्हणतात, '१९९२ मध्येच तोंडी वाटणी झाली, तुझ्या बापाला वरचा माळ दिला.' आत्यांचं काय विचारलं तर म्हणतात, 'त्यांनी १९९० मध्ये तलाठ्यापुढे हक्क सोडला.' तुम्ही विचारता: केस करू का, जिंकेन का, किती वर्षं लागतील?

माझी सत्तावीस वर्षं तालुका कोर्टात दिवाणी काम करण्यात गेली, त्यातले निम्म्याहून जास्त दावे वाटपाचे. त्यावरून सांगतो, 'जिंकेन का' हा प्रश्न तुमच्या बाबतीत फारसा अवघड नाही. हिस्सा हे गणित आहे आणि ते कोर्ट बहुतेक वेळा बरोबर करतं. अवघड प्रश्न दुसराच आहे. तुमच्या वाट्याला येणारी जमीन गटात नेमकी कुठे असेल, आणि ती हातात येईपर्यंत तिथे दुसऱ्या कुणाचं शेड उभं राहिलेलं असेल का? लोक हिश्श्यासाठी भांडतात आणि जागा घालवतात.

आधी गणित उरकून घेऊ. सहा एकर म्हणजे २४० गुंठे. ही जमीन आजोबांनी स्वतः घेतली होती की त्यांना त्यांच्या वडिलांकडून आली होती, हे तुम्ही लिहिलेलं नाही. बोलताना आपण आजोबांची प्रत्येक जमीन 'वडिलोपार्जित' म्हणतो, कायद्यात तसं नसतं. स्वकष्टार्जित असेल तर हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या कलम ८ प्रमाणे १९८७ मध्येच ती चौघा मुलामुलींत सारखी गेली, प्रत्येकी ६० गुंठे. त्यांच्या वडिलांकडून आलेली एकत्र कुटुंबाची असेल, तर जुन्या हिशेबाने आजोबा आणि दोन मुलगे असे तीन हिस्से धरायचे आणि आजोबांचा एक तृतीयांश चौघांत वाटायचा. म्हणजे मुलग्यांना बारापैकी पाच-पाच हिस्से, मुलींना एक-एक. गुंठ्यांत सांगायचं तर भावांना १००-१०० आणि बहिणींना २०-२०.

हा जुना हिशेब आता टिकत नाही. ९ सप्टेंबर २००५ च्या दुरुस्तीने मुलीला जन्मतः मुलासारखाच हक्क दिला. ११ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा खटल्यात स्पष्ट केलं की त्या तारखेला वडील हयात असण्याची गरज नाही. महाराष्ट्रात १९९४ मध्ये जी दुरुस्ती झाली होती, तिच्यात आधी लग्न झालेल्या मुली वगळल्या होत्या. तुमच्या आत्यांची लग्नं सत्तरच्या दशकातली, पण आता तोही अडसर राहिलेला नाही. तेव्हा खरी वाटणी आधी झालेली नसेल तर जमीन कशीही आलेली असो, उत्तर एकच येतं: चार हिस्से, प्रत्येकी ६० गुंठे. तुमच्या वडिलांच्या ६० गुंठ्यांत तुम्ही, आई आणि बहीण. म्हणजे तुमचे स्वतःचे २० गुंठे.

हा आकडा वाचून तुम्ही थोडे खट्टू झाला असाल. ऑफिसात बसलेल्या पक्षकाराचा चेहरा इथे हमखास पडतो. 'सहा एकरात निम्मी आमची' असं घरात चाळीस वर्षं बोललं गेलेलं असतं, त्या निम्म्यात आत्या कधी धरलेल्याच नसतात.

इथूनच काकांचा पुढचा डाव सुरू होतो. तो अजून झालेला नसेल तर नोटीस गेल्यावर होईल. काका किंवा चुलतभाऊ गोडीत म्हणतील, 'आत्यांना कशाला मध्ये आणतोस? १९९२ ची वाटणी तू मान्य कर, तीन एकर तुझे, तीन एकर आमचे.' ६० गुंठ्यांच्या जागी १२० दिसले की मोह होतो. तुम्हाला मिळणारे तीन एकर वरच्या माळाचे असतील आणि रस्त्याची सव्वा एकर विकायला ते मोकळे होतील. दुसरं असं की आत्यांना वगळून केलेली तडजोड आत्यांवर बंधनकारक नसते. उद्या त्या किंवा त्यांची मुलं दावा लावतील तेव्हा तुम्ही काकांच्या शेजारी प्रतिवादी म्हणून उभे असाल, आणि 'वाटणी झाली होती' हे तुम्हीच लिहून दिलेलं असेल.

आता १९९२ च्या तोंडी वाटणीकडे येऊ. तोंडी वाटणी कायद्याला अजिबात मान्य नाही, असं ठोकून सांगणारे लोक असतात, ते अर्धसत्य आहे. हिंदू कुटुंबात तोंडी वाटण्या होतच आल्या आहेत. पण मुलींचा हक्क डावलण्यासाठी वाटणीचा आधार घ्यायचा असेल तर ती २० डिसेंबर २००४ च्या आधीची, आणि नोंदणीकृत दस्ताने किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्याने झालेली हवी. निव्वळ तोंडी वाटणी फक्त अपवादात्मक प्रकरणात विचारात घेतात, तीही सरकारी कागदांचा भक्कम आधार असेल तर. तुमच्याकडे ७/१२ आजही एकच आहे, हिस्से पडलेले नाहीत, नाव एकट्या काकांचं आहे. त्यामुळे काकांची बाजू इथे लंगडी वाटते.

तरी ती हलक्यात घेऊ नका. 'स्वतंत्र वहिवाट' सिद्ध करायला लोक काय काय आणतात ते मी पाहिलं आहे. एका दाव्यात प्रतिवादीने भिंतीवरचं जुनं कॅलेंडर हजर केलं होतं. मागच्या कोऱ्या बाजूवर विहिरीच्या पाण्याच्या पाळ्या लिहिलेल्या: सोमवार ते गुरुवार थोरला, शुक्रवार ते रविवार धाकटा. खाली एका भावाची सही, एकाचा अंगठा. पाळ्या वेगळ्या म्हणजे वाटणी झाली, असं त्याचं म्हणणं. आम्ही उलटतपासात एवढंच विचारलं की विहिरीच्या मोटारीचं बिल कोण भरतं. 'दोघं मिळून,' तो म्हणाला. सोसायटीचं कर्ज? 'एकाच खात्यावर.' ऊस कारखान्याला कुणाच्या नावावर जायचा? 'दादाच्या.' सोयीसाठी वेगवेगळा तुकडा कसणं आणि वाटणी होणं, यातला फरक असल्या बारीकसारीक गोष्टींतून दिसतो. पीकपाहणीच्या रकान्यात कुणाचं नाव, विकास सोसायटीचा बोजा कुणावर, वीज मीटर किती, या गोष्टी तुम्हीही तपासा.

आणि त्या मनीऑर्डरी. तुम्ही ओघात लिहिलंत की वडिलांच्या पत्र्याच्या ट्रंकेत मनीऑर्डरच्या पावत्या आणि पोचा आहेत आणि काहींवर 'विहिरीच्या हप्त्यासाठी' असं लिहिलेलं आहे. त्यांच्या तारखा बघा. १९९४-९५ मध्ये तुमचे वडील गावच्या विहिरीचा हप्ता भरत असतील आणि विहीर खालच्या, काकांच्या म्हणवल्या जाणाऱ्या तुकड्यात असेल, तर १९९२ मध्ये वेगळं झालेलं कुटुंब असं का वागेल, याचं उत्तर काकांना द्यावं लागेल. पावत्यांनी तुमचा हिस्सा वाढणार नाही, पैसे पाठवले म्हणून जास्त गुंठे मिळत नाहीत. पण वाटणीची गोष्ट खोटी पाडायला त्या पुष्कळ आहेत. ट्रंक पुण्याला आणा. लॅमिनेशन करू नका, लोक हमखास करतात. मूळ कागद तसाच कोर्टापुढे गेलेला बरा.

आत्यांच्या १९९० च्या जबाबाचं उत्तर सोपं आहे. स्थावरातला शंभर रुपयांवरचा हक्क सोडायचा तर नोंदणीकृत हक्कसोडपत्र लागतं. तलाठ्यापुढच्या वर्दीवर किंवा जबाबावर केलेल्या सहीने मालकी जात नाही, आणि फेरफार हा मुळात महसुलाचा कागद आहे. त्याला खरेपणाचं गृहीतक असतं, पण ते खोडता येतं. त्या काळी असे जबाब ढिगाने होत. माहेर तुटू नये म्हणून, दिवाळीची ओवाळणी आणि साडीचोळी चालू राहावी म्हणून बहिणी सही करत आणि चहा पिऊन सासरी जात.

काकांचा तिसरा मुद्दा 'तीस वर्षं वहिवाट आमची' हा असेल. सहहिस्सेदाराचा कब्जा हा कायद्याच्या दृष्टीने सगळ्यांच्या वतीने असतो. नुसती वर्षं मोजून तो प्रतिकूल, म्हणजे इतरांचा हक्क संपवणारा, होत नाही. तुमचा हक्क त्यांनी उघडपणे नाकारला आणि ते तुम्हाला कळलं, तिथून बारा वर्षं मोजायची. तुम्ही म्हणता २०१९ पर्यंत गावाहून दरवर्षी ज्वारीचं एक पोतं यायचं. ते पोतं म्हणजे तुमचा हक्क मान्य असल्याची खूणच होती. कुणाच्या टेम्पोने यायचं, कोण उतरवून घ्यायचं, हे सांगणारा एखादा माणूस शोधून ठेवा. मात्र २०१९ पासून घड्याळ सुरू झालं असं समजूनच चाला, निवांत राहू नका.

आता 'ए.कु.मॅ.' म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर. या तीन अक्षरांना काका मालकी समजत असतील, प्रत्यक्षात ती तुमच्या बाजूची आहेत. कुटुंब एकत्र आहे आणि हा माणूस इतरांच्या वतीने नाव लावून बसला आहे, असा त्यांचा अर्थ. १९८७ चा वारस फेरफार आणि गाव नमुना ६-क चा उतारा काढा. माझा अंदाज आहे की त्यात चौघा भावंडांची नावं असतील आणि शेवटी 'पैकी थोरले ए.कु.मॅ.' असा शेरा असेल. तसा शेरा निघाला तर निम्मं काम झालं. २०२५ मध्ये सरकारने जिवंत सातबारा मोहीम चालवली, मयत खातेदारांच्या जागी वारस लावण्यासाठी. तुम्ही तिच्यावर विसंबून असाल तर सांगतो, तुमच्या ७/१२ वर मयताचं नावच नाही, काका हयात आहेत. त्यामुळे मोहिमेतलं मयतांच्या वारसनोंदींचं काम तुमच्या गटाला शिवलेलं नसणार. इतर वारसांची नावं दाखल करण्यासाठी तुम्हाला स्वतंत्र अर्जच करावा लागेल.

सगळ्यात तातडीचं काम विक्रीचं आहे. काकांच्या शाखेचा हिस्सा ६० गुंठे, विकायला काढलेत ५०. म्हणजे 'हिश्श्याबाहेर विकलं' असं तुम्हाला म्हणता येणार नाही, आणि इथेच बरेच जण बेसावध राहतात. सहहिस्सेदार आपला अविभक्त हिस्सा विकू शकतो. त्याला विकता येत नाही ती ठरावीक चतुःसीमेची जागा, कारण ती अजून कुणाच्याच वाट्याला आलेली नाही. कागदावर हे तुमच्या बाजूचं आहे, पण व्यवहारात काय होतं ते ऐका. खरेदीदार पैसे देतो, तार मारतो, बोअर पाडतो. पुढे वाटपाच्या वेळी त्याचा वकील म्हणतो, विकणाऱ्याच्या हिश्श्यात हीच जागा टाका. बाकीच्यांवर अन्याय होत नसेल तर कोर्ट बहुतेक ते ऐकतं. मग रस्त्याची बाजू त्याला आणि तुम्हाला ६० गुंठे माळावर. हिस्सा बरोबर मिळाला, जमीन गेली.

म्हणून खरेदीखत होण्याआधी हालचाल करा. दुय्यम निबंधक कार्यालयातून सूची क्रमांक दोनचा (नोंदलेल्या दस्तांच्या सूचीचा) शोध घ्या, साठेखत नोंदलेलं आहे का ते कळेल. खरेदीदाराच्या वकिलाने पेपरात जाहीर नोटीस दिली असेल तर मुदतीत लेखी हरकत पाठवा, स्पीड पोस्टाने, पोच ठेवून. खरेदीदाराला थेट नोटीस दिलीत तर उत्तमच, कारण नंतर त्याला 'मला माहीत नव्हतं' म्हणता येणार नाही. नोटिशीत हेही लिहा की वारसाने आपला हिस्सा विकायचा झाला तर बाकीच्या वारसांना आधी घेण्याचा हक्क आहे. उत्तराधिकार कायद्याचं कलम २२ शेतजमिनीलाही लागू असल्याचं सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये सांगितलं आहे. जमीन एकत्र कुटुंबाची निघाली तर हे कलम लागू होतं का यावर वाद होईल, त्यामुळे तेवढ्यावर मदार ठेवू नका. खरेदीखत होऊन गेलंच तर फेरफाराला हरकत घ्या. नोटीस लागल्यावर वेळ फार थोडा असतो, पुण्यात बसून तो निघून जातो. गावातला एक विश्वासू माणूस चावडीवर लक्ष ठेवायला हवा.

त्याच वेळी वाटपाचा दावा, सोबत ताकीद अर्ज, म्हणजे कोर्टाची मनाई मागणारा अर्ज. आमच्याकडे या अर्जाला सगळे 'निशाणी ५' म्हणतात, कारण दाव्यात त्याचा क्रमांक तोच पडतो. तुमच्या प्रकरणात मी सगळी ताकद या अर्जावर लावेन. दावा निकाली निघेपर्यंत त्रयस्थाचा हक्क निर्माण करू नये आणि जागेचं स्वरूप बदलू नये, एवढं मागा. ताकीद मिळो न मिळो, दाव्याच्या प्रलंबिततेची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवून घ्या. तिला कोर्टात 'लिस पेंडन्स' म्हणतात. नंतर विकत घेणारा मग दाव्याच्या निकालाला बांधील राहतो, आणि कुठलाही शहाणा खरेदीदार तो कागद पाहून मागे सरतो. माझ्या अनुभवात कित्येक विक्र्या ताकिदीपेक्षा या नोटिशीनेच थांबल्या आहेत.

दाव्यात सगळे हिस्सेदार आणि सगळी मिळकत हवी. आत्या हव्यातच. शक्य झालं तर वादी म्हणून, नाहीतर प्रतिवादी म्हणून. तुमची आई आणि बहीणही. गावठाणातलं घर आणि गोठा विसरू नका. 'घराचं नंतर बघू' म्हणून सोडलं की अपुऱ्या वाटपाची हरकत येते आणि दोन वर्षं त्यातच जातात. आणखी एक प्रश्न काकांकडून येण्याआधी स्वतःला विचारा: आजोबांना ही जमीन कूळ म्हणून मिळाली होती का? १ एप्रिल १९५७ च्या कृषक दिनानंतर कित्येक जमिनी कुळांच्या नावावर झाल्या. कूळ कायद्याखालचं खरेदीचं, म्हणजे ३२-म चं प्रमाणपत्र कुणाच्या नावावर निघालं, यावर पुढचं सगळं फिरू शकतं. जुने फेरफार अगदी पन्नासच्या दशकापासून काढायला मी सांगतो ते यासाठी.

आता वर्षांचा प्रश्न. वाटपाच्या दाव्याचे दोन मजले असतात, हे पक्षकाराला कुणी नीट सांगत नाही. पहिला प्राथमिक हुकूमनामा: कुणाचा किती हिस्सा. नुसता अपूर्णांक. दुसऱ्यात प्रत्यक्ष वाटप. शेतसारा आकारलेल्या जमिनीचं वाटप दिवाणी कोर्ट स्वतः करत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे ते जिल्हाधिकाऱ्यांकडे जातं. तिथून तहसीलदार, तिथून मोजणी ऑफिस. मोजणीदार येतो, सरस-निरस मानाने, म्हणजे चांगली-हलकी जमीन तोलून, हिस्से पाडतो, फाळणी नकाशा तयार होतो, हरकती येतात, मग कब्जा. कडाडून लढलेल्या दाव्यात प्राथमिक हुकूमनाम्यालाच माझ्या हाताखाली पाच ते आठ वर्षं गेली आहेत. त्यावर जिल्हा न्यायालयात अपील, त्यापुढे उच्च न्यायालय. मध्ये कुणी वारलं की नव्वद दिवसांत वारस दाखल करायचे. सात प्रतिवादींवर सुरू झालेला माझा एक दावा निकालाच्या दिवशी एकतीस जणांवर होता, त्यातले तिघे परदेशात.

पहिला मजला चढून लोक थांबतात. एक निवृत्त शिक्षक होते, त्यांना २००३ मध्ये प्राथमिक हुकूमनामा मिळाला. पेढे वाटले, नक्कल कपाटात ठेवली, प्रत्यक्ष वाटपासाठी पुढचा अर्ज, म्हणजे दरखास्त, केलीच नाही. २०१९ मध्ये त्यांचा मुलगा ती नक्कल दुकानाच्या पिशवीत घालून माझ्याकडे आला. अंतिम हुकूमनाम्याच्या अर्जाला मुदतीची आडकाठी नाही, सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्येच ते सांगितलं आहे, त्यामुळे कायद्याने दार उघडं होतं. पण जागेवर गेलो तर त्यांच्या हिश्श्याच्या अंदाजाच्या जागी पोल्ट्रीचं लांबलचक शेड, मूळ पक्षकारांपैकी तिघे मयत, आणि दोघांनी आपापले हिस्से विकून टाकलेले. प्राथमिक हुकूमनाम्यानंतर कोर्टाने स्वतःहून पुढची तारीख लावून काम चालू ठेवावं, असं २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे. तरीही तुमच्या वकिलाला त्याच आठवड्यात आठवण करा.

तुकडेबंदीचीही कटकट आहे: प्रमाणभूत क्षेत्राहून लहान तुकडा पाडायला कायद्याची मनाई आहे. बहुतेक जिल्ह्यांत २०२३ पासून प्रमाणभूत क्षेत्र जिरायतीला २० गुंठे आणि बागायतीला १० गुंठे आहे. तुमचे तिघांचे २०-२०-२० बरोबर रेषेवर बसतात. मोजणीत गुंठाभर कमी भरला किंवा रस्ता सोडावा लागला की तुकडा पडतो. मग एकाला जमीन आणि दुसऱ्याला पैसे असा मार्ग काढावा लागतो. म्हणून आई, बहीण आणि तुम्ही मिळून ६० गुंठ्यांचा एकच हिस्सा मागा. आपसात काय करायचं ते पुढे बघता येईल.

हे सगळं वाचून तुम्ही म्हणाल, मग दावा लावू की नको? लावा. विक्री थांबवायला दुसरा खात्रीचा मार्ग मला दिसत नाही. पण तो पंधरा वर्षं लढायच्या तयारीने लावू नका. ताकीद किंवा नोटीस लागली की काकांना पैसे मिळायचे थांबतात, खरेदीदार टोकन परत मागायला लागतो, आणि साधारण तेव्हा घरातून निरोप येतो की बसून बोलू. तो क्षण दोन-तीन वर्षांत येतो, कधी सहा महिन्यांतही. त्या बैठकीला नकाशा घेऊन जा. गटाची मोजणी आधी करून घ्या, रस्त्याची लांबी किती, विहीर कुठे, माळ किती, हे कागदावर असू द्या. मी तुमच्या जागी असतो तर रस्त्याला काटकोनात चार पट्टे मागितले असते. प्रत्येकाला थोडा रस्ता, थोडा माळ, आणि विहिरीत सामाईक हक्क. काकांना खरेदीदाराला द्यायचंच असेल तर ते आपल्या पट्ट्यातून देतील. पट्टे अरुंद होतात, ट्रॅक्टर वळवायला त्रास होतो, काका लगेच तेच म्हणतील. त्यांना म्हणा, मग रस्त्याची बाजू तुम्ही ठेवा आणि फरकाची रक्कम द्या. भाव काढायला सरकारी दर धरू नका, त्यांच्याच साठेखतातला दर धरा.

ठरलं तर ते लिहून कोर्टात तडजोडीचा हुकूमनामा घ्या, लोकअदालतीत घेतलात तर त्यावर अपील नाही आणि कोर्ट फीही परत मिळते. दाव्यातल्याच मिळकतीपुरती तडजोड असेल तर तिची वेगळी नोंदणी लागत नाही. दाव्याआधीच सगळे राजी झाले, अगदी आत्यांसकट, तर महसूल संहितेच्या कलम ८५ खाली तहसीलदारांकडे वाटप होतं, तो सगळ्यात स्वस्त रस्ता. शेतजमिनीच्या वाटणीपत्राची नोंदणी फी माफ करण्याचा निर्णयही राज्य मंत्रिमंडळाने २०२५ मध्ये घेतला आहे. पण एकाने जरी मालकीचा वाद काढला तर तहसीलदारांचे हात बांधले जातात आणि गाडी पुन्हा दिवाणी कोर्टात येते.

आत्यांकडे परत येतो, कारण सहापैकी तीन एकर त्यांचे आहेत आणि तुमच्या प्रश्नात त्यांना जेमतेम दोन ओळी मिळाल्या आहेत. त्या कुणाच्या नावे हक्कसोड करतात यावर गटाचा नकाशा ठरेल. चुलतभाऊ गावात आहे, आठवड्यात गाडी घेऊन त्यांना निबंधकाकडे नेऊ शकतो. एकदा नोंदणीकृत हक्कसोडपत्र झालं की ते १९९० च्या जबाबासारखं उडवून लावता येत नाही. वकील गाठण्याआधी आत्यांना भेटा. फोन नको, जाऊन भेटा, आईला घेऊन जा. त्यांना सरळ सांगा की तुमचा हिस्सा ६० गुंठे आहे, तुम्हाला हवा असेल तर तो मागायला मी सोबत आहे. सही मागू नका. हिस्सा नको असेल तर त्या स्वतः सांगतील, आणि हवा असेल तर तुमच्या दाव्यात आणखी दोन वादी येतील. ज्या दाव्यात बहिणी एका बाजूला असतात तिथे तडजोड लवकर होते, असं मी पुष्कळदा पाहिलं आहे.

शेवटी तुम्ही जरा संकोचून विचारलं होतं, की दावा लावल्यावर चैत्रातल्या यात्रेला गावी गेलं तर चालेल का, काकांकडे जेवण होतं. जा. कोर्टात समोरासमोर उभे राहून बाहेर एका ताटलीत भजी खाणारे चुलतभाऊ मी आठवड्यातून एकदा तरी बघतो. फक्त तिथे कशावरही सही करू नका, स्टॅम्पवर नको आणि पाण्याच्या पाळीच्या वहीवरही नको. आणि निघताना काकूंनी ज्वारीचं पोतं दिलं तर नाही म्हणू नका, गाडीत चढवताना एक फोटो काढून ठेवा.